नवऱ्याच्या चॅटमधले 'स्विच', 'सेफवर्ड', 'व्हॅनिला' म्हणजे नक्की काय?

प्रश्न दापोलीकडच्या एका ताईंचा आहे. लग्नाला सहा वर्षं झाली, नवरा बोटीवर असतो, सध्या रजेवर घरी आलाय. घरातल्या टॅबवर त्याचा कुठल्यातरी ग्रुपमधला चॅट उघडा राहिला आणि त्यात त्यांना 'मी स्विच आहे', 'हार्ड लिमिट', 'सेफवर्ड', 'ड्रॉप', 'आफ्टरकेअर' असले शब्द दिसले, आणि एक वाक्य, 'बायको व्हॅनिला आहे, तिला कसं सांगू कळत नाही.' ताई विचारतात, ही कसली भाषा आहे, हा आजार आहे का, आणि मला व्हॅनिला का म्हटलंय.

ताई, शेवटचं आधी सांगते, कारण तेच तुम्हाला जास्त लागलेलं दिसतंय. व्हॅनिला ही शिवी नाही. आइस्क्रीमच्या दुकानात जो फ्लेवर कायम असतो आणि बहुतेकांना आवडतो तो, एवढाच अर्थ. बांधणं, हुकूम देणं-मानणं, ठराविक कापड, चामडं, बूट असलं काही ज्याला जवळिकीत लागत नाही तो माणूस व्हॅनिला. काही नवखे लोक नाक मुरडून हा शब्द वापरतात, जणू साधं आवडणं म्हणजे काहीतरी कमी आहे, आणि ते मला बिलकुल पटत नाही. पण तुमच्या नवऱ्याच्या वाक्यात तो सूर मला दिसला नाही, मला तर त्याची धास्ती दिसली.

मी गेली एकोणीस वर्षं रत्नागिरी, चिपळूण भागात जोडप्यांचं समुपदेशन करतेय. सुरुवातीला हे शब्द माझ्याही कानावरून गेले नव्हते. एकदा मालवणकडची एक बाई आली, हातात नवऱ्याच्या चॅटचे प्रिंट काढलेले कागद, म्हणाली, 'माका काय्येक समजूक नाय, पण कायतरी वायट आसा.' मला तरी कुठे कळत होतं. त्या दिवसापासून मी हे सगळं शिकत गेले, वाचून आणि मुख्य म्हणजे समोर बसलेल्या माणसांना विचारून.

सगळ्यात महत्त्वाचं हे की या भाषेत दोन पेट्या आहेत. एका पेटीत कोण काय आहे त्याचे शब्द: डॉम, सब, टॉप, बॉटम, स्विच, मिस्ट्रेस, ब्रॅट, पेट. दुसऱ्या पेटीत विचारायचे आणि थांबायचे शब्द: निगोशिएशन, लिमिट, सेफवर्ड, आफ्टरकेअर. पहिली पेटी कुणीही दोन दिवसांत पाठ करतो, एखादी वेबसिरीज बघून सुद्धा. माणूस कसा आहे ते दुसऱ्या पेटीवरून कळतं. तुमच्या नवऱ्याच्या चॅटमध्ये दुसऱ्या पेटीतले शब्द जास्त आहेत, हे मी तुमचा मेसेज वाचताना पहिल्यांदा बघितलं.

आता 'फेटिश' आणि 'किंक'. लोक दोन्ही एकाच अर्थानं वापरतात, पण जुने जाणकार फरक करतात. एखाद्या वस्तूशी, कापडाशी, शरीराच्या एखाद्या भागाशी ओढ घट्ट बांधलेली असेल तर फेटिश, आणि नेहमीच्या वाटेपलीकडचं जे काही आवडतं ते सगळं मोघमात किंक. फेटिश शब्दाचं मूळ पोर्तुगीज आहे, 'फेइतीसो', म्हणजे मंतरलेली वस्तू, ताईत. पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यावर त्यांच्या खलाशांनी लोकांच्या गळ्यातल्या ताईतांना हे नाव दिलं, पुढे ते फ्रेंचमध्ये गेलं आणि १८८७ मध्ये आल्फ्रेड बिने या फ्रेंच मानसशास्त्रज्ञानं ते लैंगिक ओढीसाठी वापरलं. आपल्याला पोर्तुगीज काही परके नाहीत, चौलजवळच्या कोर्लईत आजही पोर्तुगीजमधून तयार झालेली बोली बोलतात आणि आपण सगळे रोज चावी, बटाटा, पगार म्हणतोच. तो एक शब्द तेवढा लांबून फिरून आला.

बीडीएसएम हे तीन जोड्यांचं आखूड रूप आहे: बाँडेज आणि डिसिप्लिन, डॉमिनन्स आणि सबमिशन, सॅडिझम आणि मॅसोकिझम. म्हणजे बांधणं आणि शिस्त, हुकमत आणि शरण जाणं, वेदना देण्यात किंवा घेण्यात सुख. सगळ्यांना सगळं आवडतं असं अजिबात नाही, कुणाला फक्त दोरी आवडते, कुणाला नुसतं कुणीतरी 'आज तू काही ठरवू नकोस' म्हणणं आवडतं.

आजाराचं म्हणाल तर नाही. नुसती आवड असणं हा आजार नाही. अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या २०१३ च्या डीएसएम-५ या निदानाच्या पुस्तकात आवड आणि विकार हे वेगळे केलेत, स्वतःला त्याचा त्रास होत असेल किंवा दुसऱ्याला इजा होत असेल, संमती नसलेल्या माणसावर ते लादलं जात असेल, तरच विकार. आणि जागतिक आरोग्य संघटनेची आयसीडी-११ ही यादी जानेवारी २०२२ पासून लागू झाली, तिच्यात जुन्या यादीतला फेटिशिझम आणि सॅडोमॅसोकिझम हे निदान म्हणून काढूनच टाकलेत. माझ्याकडे येणारे कित्येक पुरुष मात्र आधी कुठल्यातरी जाहिरातवाल्या 'गुप्तरोग' दवाखान्यात हजारो रुपये घालवून आलेले असतात, नको त्या गोळ्या खाऊन. फार वाईट वाटतं मला त्याचं.

डॉम म्हणजे जो त्या वेळापुरता सूत्रं हातात घेतो, बाई असेल तर डॉम किंवा मिस्ट्रेस. सब म्हणजे जो ती सूत्रं देतो, देतो हा शब्द लक्षात ठेवा, काढून घेतली तर तो सब नव्हे, त्याच्यावर जबरदस्ती झालीय. टॉप आणि बॉटम हे नुसतं करणारा आणि करून घेणारा, त्यात हुकमत असेलच असं नाही. स्विच म्हणजे दोन्हीकडे जाणारा, कधी हे कधी ते, तुमचा नवरा स्वतःला तसं म्हणतोय. ब्रॅट म्हणजे मुद्दाम खोडी काढणारा, उलट बोलणारा सब. पेट म्हणजे पाळीव प्राण्याची भूमिका घेणारा सब. रिगर म्हणजे दोरी बांधणारा, रोप बनी म्हणजे बांधून घेणारी किंवा घेणारा. हे सगळं अठरा वर्षांवरच्या सज्ञान माणसांमधलंच बोलतेय मी, त्याच्या आतलं काहीही असेल तर ती किंक नाही, तो गुन्हा आहे.

'सीन' आणि 'प्ले' हे शब्द ऐकून लोक दचकतात, पण आपल्याकडच्या माणसाला ते समजायला सोपे जावेत. दशावतारी नाटकाबद्दल म्हणतात ना, रात्री राजा आणि सकाळी डोक्यावर बोजा. रात्रभर मुकुट घालून जो गर्जना करतो तोच सकाळी पेटारा उचलून पुढच्या गावाला निघतो, आणि राक्षसानं मांडावर कुणाला दटावलं म्हणून कुणी पोलिसात जात नाही, कारण मांड कुठे सुरू होतो आणि कुठे संपतो ते सगळ्यांना माहितेय. सीन म्हणजे तेवढाच वेळ. सीन संपला की डॉम डॉम राहत नाही, तो भांडी घासायला उठतो. काही जोडपी म्हणतात आम्ही २४/७, म्हणजे ही भूमिका कायमच. मी अशी दोनच जोडपी जवळून बघितली ज्यांचं खरंच नीट चाललंय, आणि दोघांकडेही आठवड्यातून एकदा सगळं बाजूला ठेवून सरळ बरोबरीनं बोलायचा वार ठरलेला आहे.

आता दुसरी पेटी. निगोशिएशन म्हणजे आधी बसून बोलून ठरवणं, काय चालेल, काय नाही, कुठलं दुखणं आहे, दमा आहे का, खांदा निखळतो का. हार्ड लिमिट म्हणजे जे कधीच नाही. सॉफ्ट लिमिट म्हणजे एरवी नाही, पण विश्वास असेल, विचारलं, त्या दिवशी मन असेल तर बघू. मी माझ्याकडच्या लोकांना हे गडगा, म्हणजे कुंपणाची दगडी भिंत, आणि बेडं, म्हणजे त्यातलं फाटक, असं सांगते, पटकन कळतं. हार्ड लिमिट हा चिऱ्याचा गडगा, त्यावरून उडी मारायची नाही, कितीही ओळखीचा असलास तरी. सॉफ्ट लिमिट हे बेडं, ते उघडतं, पण आतून घरच्या माणसानं उघडलं तर, बाहेरून ढकलून नाही. आणि काल उघडलं म्हणून आज उघडं असं नाही.

सेफवर्ड म्हणजे ठरवून ठेवलेला थांबायचा शब्द. तो का लागतो, तर काही खेळांत 'नको, सोड' हे संवादाचाच भाग असतं, मग खरं 'नको' ओळखायचं कसं, म्हणून एक वेगळाच शब्द. बहुतेक लोक सिग्नलचे रंग वापरतात, हिरवा म्हणजे चालू दे, पिवळा म्हणजे जरा सावकाश, काहीतरी खटकतंय, लाल म्हणजे आत्ताच्या आत्ता बंद. तोंडानं बोलता येणार नसेल तर हातात चाव्यांचा जुडगा धरायचा, पडला की थांबायचं. आपल्या बंदरावर तीन नंबरचा बावटा लागला की कुणी वाद घालत बसत नाही की आकाश तर स्वच्छ आहे, जाळं टाकलंय, डिझेल खर्च झालंय, होडी परत फिरवायची म्हणजे फिरवायची. सेफवर्ड तसाच. तो ऐकल्यावर जो तोंड पाडतो, 'सगळा मूड घालवलास' म्हणतो, त्याच्यापासून लांब राहायचं. देवगडकडच्या एका जोडप्यानं 'आंबा' हा शब्द ठेवला होता, ऐन सीझनला घरात दर वाक्यात आंबाच, मग बदलून 'पेंग्विन' केला. कधी तोंडात न येणारा पण पटकन आठवणारा शब्द हवा.

दोन आखूड रूपं तुम्हाला प्रोफाइलवर दिसतील. एसएससी म्हणजे सेफ, सेन, कन्सेन्शुअल, सुरक्षित, शुद्धीवर असताना आणि संमतीनं. हे १९८३ च्या सुमाराला न्यूयॉर्कच्या समलिंगी पुरुषांच्या एका गटातून आलं. नंतर काहींनी म्हटलं की पूर्ण सुरक्षित असं काही नसतंच, तेव्हा धोका समजून उमजून, संमतीनं, असं म्हणूया, ते रॅक, म्हणजे रिस्क-अवेअर कन्सेन्शुअल किंक. मला रॅक जास्त प्रामाणिक वाटतं, आणि त्याचं कारण एक मनगट आहे.

माझ्या ओळखीच्या हाडांच्या डॉक्टरांनी एक तिशीतला माणूस पाठवला. उजवं मनगट लोंबत होतं, पंजा वर उचलताच येईना, चहाचा कप धरला तर खाली जाई. डॉक्टरांना सांगितलं होतं की गाडीवरून पडलो. माझ्यासमोर अर्धा तास गप्प बसला आणि मग म्हणाला, दोरी. जेटीवर मिळते तसली नायलॉनची, दंडाला घट्ट बांधलेली, वीस मिनिटं. हात बधीर झाला तेव्हा त्याला वाटलं हे असंच असतं, बोललो तर आपण कच्चे ठरू. दंडाच्या मागून जी रेडियल नस जाते ती दबली होती. बरा झाला, पण तीन महिने गेले. म्हणून सांगते, नायलॉन घसरतं, गाठ आवळत जाते आणि वेळेला सुटत नाही, सुंभ तर अंगाला टोचून सोलतं. ज्यांना कळतं ते सहा-आठ मिलीमीटरची मऊ केलेली तागाची दोरी घेतात, दंड, काख, गुडघ्याची मागची बाजू टाळतात, गळ्याला काहीही नाही, आणि शेजारी बोथट टोकाची बँडेज कापायची कात्री ठेवतात. 'शिबारी' हा जपानी शब्द ऐकलात तर ती हीच दोरीची कला, आणि ती व्हिडिओ बघून येत नाही. मुंग्या आल्या, बोट थंड पडलं, की तिथेच पिवळा नाही, लाल.

सबस्पेस हा आणखी एक शब्द. सीन रंगला की सबला एक तरंगल्यासारखी तंद्री लागते, दुखणं कमी जाणवतं, बोलणं जड होतं. शिमग्याला पालखी नाचवताना खांदा किती सोलवटलाय ते दुसऱ्या दिवशी आंघोळीला कळतं, तुलना फक्त शरीराची करतेय, पण शरीर तसंच वागतं. या तंद्रीत माणूस कशालाही हो म्हणतो, म्हणून नियम असा की जे आधी ठरलं नव्हतं ते मध्येच सुरू करायचं नाही, सबनं तेव्हा हो म्हटलं तरी. आणि ही तंद्री उतरते तेव्हा त्याला ड्रॉप म्हणतात. कधी लगेच, कधी एक-दोन दिवसांनी, उगाच रडू येतं, थंडी वाजते, आपण काय केलं हे असं वाटतं. डॉमलाही येतो, त्याला अपराधी वाटतं. त्यासाठी आफ्टरकेअर: पांघरूण, पाणी, काहीतरी गोड, जवळ बसणं, आणि दुसऱ्या दिवशी एक फोन. कुणाला जवळ कुणी नको असतं, तर तेही आधी विचारून ठेवायचं. मला विचाराल तर हा या भाषेतला सगळ्यात चांगला शब्द आहे आणि तो व्हॅनिला लोकांनीही घ्यावा.

हेच शब्द उलटे वापरणारेही आहेत आणि ते बरेच आहेत. 'खऱ्या सबला सेफवर्ड लागत नाही.' 'तुझं ट्रेनिंग चाललंय, प्रश्न विचारायचे नाहीत.' 'माझ्याशिवाय कुणाशी बोलायचं नाही.' रत्नागिरीत नोकरी करणारी एक मुलगी माझ्याकडे आली, तिचा 'डॉम' तिचा पगार, मोबाईल, मैत्रिणी सगळं ताब्यात ठेवून होता आणि तिला वाटत होतं की याला टीपीई म्हणतात, म्हणजे पूर्ण सत्ता सोपवणं. तिला मी एकच विचारलं, शेवटचं कधी नाही म्हणालीस आणि तेव्हा काय झालं. ती रडायला लागली. नवख्या माणसाला या सगळ्याची एक घाई सुटते, तिला सब फ्रेन्झी म्हणतात, आणि असले लोक बरोबर तिथे टपून असतात. सीएनसी हा शब्द तर नवख्यानं उच्चारूही नये, आधी ठरवून केलेल्या 'जबरदस्ती'च्या नाटकाला ते नाव आहे, वर्षानुवर्षं एकमेकांना ओळखणारी माणसंही त्यात जपून असतात.

पैशाचंही तसंच. फिनडॉम म्हणून एक प्रकार आहे, सब स्वखुशीनं पैसे देतो, त्यातच त्याला मजा वाटते. पण खेडजवळच्या एका मुलाला इन्स्टावर कुणी 'मिस्ट्रेस' भेटली, फोटो मागवले, पैसे घेतले आणि मग चुलत्याला स्क्रीनशॉट पाठवीन म्हणून धमकी. त्यानं बहिणीच्या लग्नाचे ठेवलेले पैसे दिले. ते फिनडॉम नव्हतं, ती खंडणी होती. असं झालं तर पैसे थांबवा, चॅट पुसू नका, सायबर फसवणुकीसाठीच्या १९३० या नंबरवर फोन करा.

कायद्याचं थोडक्यात. १ जुलै २०२४ पासून जी भारतीय न्याय संहिता लागू आहे तिच्या कलम ६३ मध्ये, म्हणजे बलात्काराच्या कलमात, संमती म्हणजे स्पष्ट, स्वेच्छेची, शब्दांनी किंवा खुणेनं दिलेली, आणि बाईनं विरोध केला नाही एवढ्यावरून तिची संमती होती असं धरता येत नाही. कलम २५ प्रमाणे अठरा वर्षांवरचा माणूस स्वतःला होणाऱ्या किरकोळ इजेला संमती देऊ शकतो, जबर दुखापतीला नाही. नवऱ्याला मात्र कलम ६३ मध्ये अजून सूट आहे आणि ती असू नये असं माझं ठाम मत आहे, पण २००५ चा घरगुती हिंसाचाराचा कायदा लैंगिक छळालाही लागतो, हे प्रत्येक बाईला माहीत असू दे.

ही भाषा इतकी गुपित का, असंही तुमच्या मनात असेल. कारण उघड बोलायची सोय नव्हती. १९७० च्या दशकात अमेरिकेत समलिंगी पुरुष मागच्या खिशात रंगीत रुमाल ठेवायचे, डाव्या खिशात म्हणजे करणारा, उजव्या खिशात म्हणजे करून घेणारा, रंगावरून आवड. आपल्या आंबेवाल्यांना हे वेगळं सांगायला नको, रुमालाखाली हात घालून बोटांवर भाव ठरताना आपल्या वाडवडिलांनी बघितलंय. आपल्याकडे ३७७ कलमातून सज्ञान माणसांचे खासगी संबंध वगळायला ६ सप्टेंबर २०१८ उजाडावा लागला. आणि मराठीत बोलायचं तर तुमच्याच दापोलीजवळच्या मुरूडचे र. धों. कर्वे १९२७ पासून 'समाजस्वास्थ्य' काढून लोकांच्या लैंगिक प्रश्नांना सरळ मराठीत उत्तरं देत होते, त्यापायी कोर्टात उभे राहिले, १९३४ मध्ये बाबासाहेबांनी त्यांचा खटला लढवला. कर्व्यांच्या गावापासून हाकेच्या अंतरावर राहून तुम्हाला हा प्रश्न घाबरत विचारावा लागतो याचं मला मनापासून वाईट वाटतं.

'मंच' दिसला असेल तर तो आपला व्यासपीठवाला मंच नाही. अशा लोकांचं साध्या कपड्यात हॉटेलात बसून चहापाणी, बाकी काही नाही. मुंबई-पुण्याकडे होतात. नव्या माणसाला तिथे जोखून घेतात, त्याला व्हेटिंग म्हणतात.

आता तुमच्या घरचं. या शब्दांवरून तुमचा नवरा आजारी नाही एवढं मी सांगू शकते. तो बाहेर कुणाशी काही करतोय का हे या शब्दांवरून कळत नाही, ते त्याला सरळ विचारायला लागेल आणि उत्तर मागायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे, किंक आहे म्हणून फसवणूक माफ होत नाही. हा प्रश्न आणि त्याच्या आवडीचा प्रश्न एकाच रात्री एकत्र करू नका, गुंता होईल. आधी फसवणुकीचा.

तो सुटला तर मग दोन कागद घ्या, एक त्याला, एक तुम्हाला, वेगवेगळ्या खोलीत बसा आणि प्रत्येकानं तीन रकाने करायचे, चालेल, नाही, माहीत नाही. तुमच्या कागदावर सगळं 'नाही'मध्ये आलं तरी तो पूर्ण भरलेला कागद आहे. मग अदलाबदल करून वाचा, वाचताना काही बोलू नका. त्याची साइन-ऑनची तारीख जवळ आली असेल तर हे आत्ता नको, पुढच्या रजेला करा, नाहीतर तो चार-सहा महिने समुद्रावर आणि तुम्ही एकट्या विचार करत. आणि वाचून झाले की कागद चुलीत टाका, सासूबाईंच्या हाताला लागतील अशा कपाटात ठेवू नका.